गोदावरी परुळेकर : जंगलातल्या घामाला भाव मिळवून देणारी बाई

वैतरणा स्टेशन सोडून गाडी डहाणूकडे निघाली की उजव्या हाताला दूरवर डोंगर दिसू लागतात. आज हा आपला पालघर जिल्हा. ऐंशी वर्षांपूर्वी हाच भाग ठाणे जिल्ह्याचं उत्तरेचं जंगल होतं. इथला साग आणि इथलं गवत मुंबईला जायचं. लाकडावर व्यापारी मोठे झाले, गवतावर मुंबईतल्या गोठ्यांतली जनावरं पोसली गेली. पण झाडं तोडणारा, गवत कापणारा वारली मात्र उपाशीच राहिला. जमीन सावकार-जमीनदारांची आणि जंगलाचा ठेका व्यापाऱ्यांचा. वेठीला 'नाही' म्हणायची सोय नव्हती. लग्नासाठी थोडे पैसे उचलले, की नवरा-बायको दोघंही मालकाकडे राबायची. अशा माणसाला 'लग्नगडी' म्हणत.

या जंगलात आल्या गोदावरी परुळेकर, म्हणजेच गोदूताई. जन्म १९०७ सालचा, पुण्यातल्या सुखवस्तू गोखले घराण्यातला. त्या काळात त्यांनी कायद्याची पदवी घेतली. भारत सेवक समाजाच्या त्या पहिल्या महिला आजीव सदस्य. पुढे शामराव परुळेकरांशी लग्न झालं आणि दोघांनी किसान सभेच्या कामाला वाहून घेतलं. शहरात वकिली करून आरामात राहता आलं असतं. त्याऐवजी त्या पाड्यापाड्यांवर पायी फिरल्या, झोपडीत राहिल्या, मिळेल ते खाल्लं.

२३ मे १९४५ रोजी झरी गावी हजारो वारली जमले. वेठ करायची नाही, लग्नगडी म्हणून राबायचं नाही, असं तिथे ठरलं. मग आला मजुरीचा प्रश्न. ५०० पौंड गवत कापायला अडीच रुपये द्या, या मागणीसाठी संप झाला. १० ऑक्टोबरला तलवाड्याला, गोदूताईंच्या नावाने पसरलेल्या अफवेमुळे, मोठा जमाव गोळा झाला. पोलिसांनी गोळीबार केला. जेठ्या गांगड आणि आणखी चार जण गेले. परुळेकर दांपत्याला जिल्हाबंदी झाली, तरी संप मोडला नाही. पुढच्या वर्षी जंगलातल्या मजुरांनी काम थांबवलं आणि नोव्हेंबर १९४६ मध्ये लाकूड व्यापाऱ्यांना दिवसाला सव्वा रुपया मजुरी कबूल करावी लागली.

हा सगळा अनुभव गोदूताईंनी 'जेव्हा माणूस जागा होतो' या पुस्तकात लिहिला. ते १९७० साली आलं आणि १९७२ साली त्याला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. १९९६ साली त्या गेल्या.

शिक्षक मित्रांनो, आपल्या वर्गात वारली मुलं बसतात. वारली चित्रं आपण भिंतीवर काढून घेतो, पण त्या माणसांची लढाई सांगायची राहून जाते. एकदा गणिताच्या तासाला ५०० पौंडांचे किलो करायला सांगा. उत्तर येईल साधारण २२७. एवढं गवत विळ्याने कापायला किती वेळ लागेल, हेही विचारा. बऱ्याच मुलांना ते आपल्यापेक्षा चांगलं माहीत असेल. पालकांनीही घरी आजी-आजोबांना विचारावं, वेठीच्या गोष्टी अजून निघतील. त्या ऐकल्या की मुलाला कळेल, आपल्या माणसांना मजुरी कोणी दयेनं दिली नाही, ती त्यांनी एकजुटीने मिळवली.