पोरक्या पाल्यांच्या वकील

मुलाचा ताबा कोणाकडे असावा असा तंटा न्यायासनापुढे आला म्हणजे बापाचा पक्ष मांडणारा असतो, आईचा असतो, फार काय, मिळकतीवर डोळा ठेवून बसलेल्या चुलत्याचाही असतो. ज्याच्यासाठी तंटा, त्या पोराचा मात्र बहुधा कोणी नसतो. ही उणीव ज्यांनी ओळखली, त्या कॉर्नेलिया सोराबजी १५ नोव्हेंबर १८६६ रोजी आमच्याच नाशकात जन्मल्या, हे पुष्कळ वाचकांस ठाऊक नसेल. पिता पारशी कुळातून ख्रिस्ती झालेले. माता फ्रान्सिना ह्यांस एका इंग्रज दांपत्याने दत्तक घेऊन वाढविले होते, व पुढे त्यांनी पुण्यात शाळा काढली. तेव्हा परक्या घरी वाढणे म्हणजे काय, हे कन्येस पुस्तकातून शिकावे लागले नाही.

डेक्कन कॉलेजातून त्या पदवीपरीक्षेत अग्रस्थानी आल्या. पुरुषास ह्या यशाबरोबर विलायतेची सरकारी शिष्यवृत्ती मिळती. बाईस ती नाकारली. मग स्नेह्यांनी वर्गणी केली, तीत फ्लॉरेन्स नाइटिंगेल बाईंचाही हात होता, आणि १८८९ साली त्या ऑक्सफर्डास गेल्या. १८९२ साली तेथील कायद्याची परीक्षा देणाऱ्या त्या पहिल्या स्त्री. पदवी हाती पडली ती १९२२ साली! मुंबईची एलएल.बी. १८९७ सालची, अलाहाबाद हायकोर्टाची परीक्षा १८९९ सालची. सनद कोठेच नाही. दस्तऐवज पुरा असूनही सावकारास हुकूमनामा न मिळावा, तशातला हा प्रकार.

त्या काळी बंगाल्यात जमीनदार वारला व वारस अज्ञान असला, की जमीनदारी कोर्ट ऑफ वॉर्ड्सच्या ताब्यात जाऊ शके. पोराची विधवा आई पडद्याआड; परपुरुष वकिलाशी तिने बोलावयाचे नाही, कारभारी सांगेल तेथे अंगठा उठवावयाचा. आणि पोर दगावल्यास मिळकत ज्यांच्याकडे जावयाची, ते भाऊबंद कधीकधी त्याच वाड्यात राहात! अशा स्त्रिया व अज्ञान मुले ह्यांच्यासाठी स्त्री कायदेपंडित नेमावी, असा अर्ज बाईंनी १९०२ साली इंडिया ऑफिसकडे केला. १९०४ साली त्यांचीच नेमणूक झाली. बंगाल, बिहार, ओरिसा, आसाम एवढा मुलूख त्यांच्याकडे आला. न्यायासनापुढे बोलण्याचा अधिकार नसता त्यांनी जनानखान्यात बसून गाऱ्हाणी ऐकली, हक्क समजावून दिले, घरचे तंटे मिटविले. सुमारे वीस वर्षांत सहाशेंहून अधिक स्त्रिया व पोरकी मुले ह्यांस त्यांचे साहाय्य झाले.

त्यांचे राजकारण आम्हांस मुळीच मान्य नाही. गांधीजींच्या चळवळीस त्यांनी विरोध केला, मेयोबाईंच्या मदर इंडिया ह्या पुस्तकाची पाठराखण केली. शिवाय कोर्ट ऑफ वॉर्ड्स हे खाते पोरांच्या कळवळ्यापेक्षा महसुलाच्या काळजीने अधिक चाले. पण मत पटत नाही म्हणून ऋण बुडविणे हा सचोटीचा व्यवहार नव्हे.

१९२३ च्या कायद्याने स्त्रियांस वकिलीचे दार उघडले, आणि १९२४ साली, सत्तावन्नाव्या वर्षी, बाई कलकत्त्यास वकिली करू लागल्या. १९२९ नंतर त्या विलायतेसच राहिल्या. ६ जुलै १९५४ रोजी लंडन येथे निवर्तल्या.

१८९० चा पालक व पाल्य कायदा आजही चालू आहे; मुलाचे कल्याण पाहावे, ते समजत्या वयाचे असल्यास त्याची इच्छाही विचारात घ्यावी, असे तो सांगतो. १९८४ च्या कुटुंब न्यायालय कायद्याच्या कलम १३ ने वकील हा पक्षकाराचा हक्क ठेवला नाही. जरूर वाटल्यास कायदेतज्ज्ञाचे साहाय्य घेण्याची मुभा मात्र न्यायाधीशांस दिली आहे. ताब्याच्या प्रत्येक दाव्यात ही मुभा मुलाकरिता वापरली जावी, एवढीच आमची मागणी आहे.