आर्य मदिरा मंडळाचे जनक

दारुड्यांच्या सभेने मराठी प्रेक्षकाला शतकभर हसवले. ती सभा भरवणारे राम गणेश गडकरी यांना मात्र ती रंगमंचावर कधीच पाहता आली नाही.

२६ मे १८८५ रोजी नवसारीत जन्मलेले गडकरी गुजरातेतून पुण्यात आले. फर्ग्युसन महाविद्यालयातील शिक्षण अर्धवट सुटले आणि त्यांनी किर्लोस्कर नाटक मंडळीत मुलांना शिकवण्याचे काम पत्करले. श्रीपाद कृष्ण कोल्हटकर हे त्यांचे गुरू. कवितेत ते ‘गोविंदाग्रज’ झाले, विनोदात ‘बाळकराम’.

‘एकच प्याला’मध्ये हे दोघेही एकत्र आले. सनद काही काळ रद्द झाल्याने खचलेल्या सुधाकर वकिलाच्या हाती पहिला प्याला देतो तो त्याचा कारकून तळीराम. आर्य मदिरा मंडळही त्याचेच. पुण्यात तेव्हा सभा-संस्थांचा सुकाळ होता. मंडळाच्या बैठकीतही तसेच नियम, तशीच भाषणे, तसाच तात्त्विक आवेश. वक्ते तेवढे झिंगलेले! शास्त्री आणि खुदाबक्ष येथे एकाच बाटलीपाशी बसतात.

याच सुमारास, १९१६ मध्ये, चार्ली चॅप्लिन ‘वन ए. एम.’ या मूकपटात झिंगून घरी परतलेल्या गृहस्थाची फजिती रंगवत होता. तो गृहस्थ जिन्यावरून कितीदा गडगडला, तरी कोणाचे काही बिघडत नाही. गडकऱ्यांचा मद्यपी घसरतो तेव्हा त्याच्या पत्नीला, सिंधूला, दळणकांडण करावे लागते. आजारी तळीरामाभोवती वैद्य आणि डॉक्टर भांडतात, तेही प्रेक्षक हसतच पाहतो. पुढे सुधाकराच्या हातून तान्हे मूल मारले जाते आणि आधीच्या हसण्याची लाज वाटू लागते. हा शेवट अनेकांना भडक वाटतो, आणि तो भडक आहेही. परंतु मंडळाच्या बैठका वगळल्या तर तो इतका झोंबणार नाही.

क्षयाने गडकऱ्यांना पोखरले होते. या नाटकाची पदेही त्यांच्या हातून झाली नाहीत. ती विठ्ठल सीताराम गुर्जर यांनी रचली. २३ जानेवारी १९१९ रोजी, वयाच्या अवघ्या तेहेतिसाव्या वर्षी, विदर्भातील सावनेर येथे गडकरी गेले. पुढच्याच महिन्यात बडोद्यात गंधर्व नाटक मंडळीने ‘एकच प्याला’चा पडदा उघडला. गणपतराव बोडस सुधाकर झाले होते, आणि भरजरी शालूंसाठी ख्यात असलेले बालगंधर्व सिंधूच्या भूमिकेत ठिगळांचे लुगडे नेसून उभे राहिले.