अंगावरून वारं गेलं, तरी डाव्या हातानं ग्रंथ पुरा केला

हिंगोली : अंगावरून वारं गेलं म्हटलं, की सेनगावपासून वसमतपर्यंत कुठल्याही गावात एकच अर्थ निघतो. माणूस बाजेला लागला. आता घरच्यांनी उचलायचं, बसवायचं, अन् त्यानं आढ्याकडं बघत पडून राहायचं. महात्मा जोतिराव फुले यांच्यावर ही वेळ १८८८ च्या जुलै महिन्यात आली. वय ६१ वर्षांचं.

माणूस अंगानं कच्चा नव्हता. तरुणपणी लहुजी वस्तादांच्या तालमीत दांडपट्टा शिकलेला, पुढं बांधकामाची कंत्राटं घेतलेला, मांजरीला शेती केलेला. शाळा, सत्यशोधक समाज, १८८३ चा 'शेतकऱ्याचा असूड', हे सगळं सगळ्यांना ठाऊक आहे. मुंबईच्या सभेत ११ मे १८८८ ला लोकांनी त्यांना महात्मा ही पदवी दिली. त्याला फार दिवस झाले नव्हते, तोच पक्षाघाताचा झटका आला. उजवी बाजू गेली. ज्या हातानं असूड लिहिला, तो हातच कामाचा राहिला नाही.

डॉ. विश्राम रामजी घोले यांनी उपचार केले. ते समाजाच्या कामातले, घरचेच म्हणायचे. सावित्रीबाईंनी सेवा केली. हळूहळू थोडा उतार पडला, पण उजवा हात काही पूर्वीसारखा झाला नाही. मग जोतिरावांनी लेखणी डाव्या हातात धरली.

ज्यानं उभा जन्म उजव्या हातानं लिहिलं, त्याला साठीनंतर डाव्या हातानं लिहायचं म्हणजे परत पहिलीत बसल्यासारखंच. नुसतं नाव लिहून बघा, कळेल. इथं तर अख्खा ग्रंथ होता. 'सार्वजनिक सत्य धर्म पुस्तक' प्रश्नोत्तराच्या रूपात आहे. निर्मिकानं सगळ्यांना सारखं घडवलं, बाई अन् पुरुष दोघांचे हक्क सारखे, लग्न अन् मर्तिक भटाविना कसं करायचं, असं सगळं त्यात आहे. मधेच फेब्रुवारी १८८९ मध्ये दत्तक मुलगा यशवंत याचं लग्नही सत्यशोधक पद्धतीनं लावलं. १ एप्रिल १८८९ ला पुस्तक लिहून पुरं झालं. झटक्यापासून नऊ महिने धरा.

पैशाची मात्र ओढाताण होती. कंत्राटात मिळवलेलं कामात गेलेलं. दुखणं लांबलं तसा खर्च वाढला. त्या काळी अपंगाचं प्रमाणपत्र नाही, पगार नाही, निराधारची योजना नाही. मामा परमानंदांनी १८९० मध्ये बडोद्याच्या सयाजीराव महाराजांना पत्र लिहून मदत मागितली. आपलं दुखणं घेऊन जोतिराव स्वतः कुणाच्या दारी गेले नाहीत, त्यांच्यासाठी दुसऱ्याला शब्द टाकावा लागला.

२८ नोव्हेंबर १८९० ला पुण्यात त्यांचं निधन झालं. आपल्याला मीठ घालून पुरावं, असं त्यांनी मृत्युपत्रात लिहून ठेवलं होतं. त्याला परवानगी मिळाली नाही, म्हणून दहन करावं लागलं. अंत्ययात्रेत टिटवं सावित्रीबाईंनी धरलं. बाईमाणसानं पुढं चालायचं, ही त्या काळात साधी गोष्ट नव्हती.

डाव्या हातानं लिहिलेलं ते पुस्तक यशवंतनं १८९१ मध्ये छापून आणलं. छापील प्रत बघायला जोतिराव नव्हते.