जलतरणपटू कु. आरती साहा

आपल्या वार्षिक स्मरणिकेत थोर व्यक्तींची चरित्रे देण्याचा प्रघात आहे. यंदा आम्ही जिचे चरित्र सादर करीत आहोत, ती आपल्या ज्ञातीची नव्हे आणि आपल्या प्रांताचीही नव्हे. ती बंगालची कन्या. तथापि बारामती व इंदापूर या दोन्ही तालुक्यांतील ज्ञातिबांधवांच्या घरी तिची हकीकत वाचली जावी, असे आम्हांस मनापासून वाटते. कारण आपली वस्तीही पाण्याच्या काठची आहे. कऱ्हा, नीरा व भीमा या आपल्या नद्या. नीरेचा डावा कालवा आपल्या शिवारांतून वाहतो आणि उजनी धरणाचे पाणी इंदापूर तालुक्यातील कित्येक गावांच्या वेशीशी येऊन ठेपले आहे.

आरतीचा जन्म 24 सप्टेंबर 1940 रोजी कलकत्त्यास एका मध्यमवर्गीय कुटुंबात झाला. वडील पांचूगोपाल साहा हे सैन्यदलाच्या नोकरीत होते. आरती अवघी अडीच वर्षांची असता तिचे मातृछत्र हरपले व ती आजीजवळ वाढली. चार वर्षांची असताना चुलत्यांबरोबर ती गंगेच्या चांपातला घाटावर स्नानास जाई आणि तेथेच तिला पाण्याचा नाद लागला. वडिलांनी तो नाद मोडला नाही. उलट त्यांनी तिचे नाव हाटखोला स्विमिंग क्लबात घातले. 1946 साली, वयाच्या सहाव्या वर्षी, 110 यार्डांच्या शर्यतीत तिने पहिला क्रमांक पटकावला.

येथे आम्हांस थोडे विषयांतर करावेसे वाटते. आपल्याकडे मुलगा सात-आठ वर्षांचा झाला की बाप किंवा चुलता त्याच्या पाठीला वाळका भोपळा नाही तर पत्र्याचा रिकामा डबा बांधून त्याला विहिरीत सोडतो, आणि दोन उन्हाळ्यांत तो पोर सूर मारू लागतो. मुलगी मात्र विहिरीच्या काठावर बसून भावाचे कपडे सांभाळते. पुढे कालव्यावर धुणे घेऊन जाते ती हीच मुलगी, आणि पाय घसरला तर गटांगळ्या खाते तीही हीच. आम्ही इतकी वर्षे शाळेत शिकविले. पोहता येणारे मुलगे वर्गात बहुसंख्य आणि मुली एका हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या, असेच चित्र आम्ही सदैव पाहिले. पांचूगोपालबाबूंनी 80 वर्षांपूर्वी जे केले, ते आपल्यापैकी किती पित्यांनी केले असेल?

पुढे सचिन नाग यांच्यासारख्या नामांकित जलतरणपटूचे मार्गदर्शन आरतीस लाभले. 1951 सालच्या पहिल्या आशियाई सामन्यांत 100 मीटरचे सुवर्णपदक जिंकणारे ते हेच नाग. आरतीचा विशेष अधिकार होता तो ब्रेस्टस्ट्रोक, म्हणजे छातीवरील पोहण्यावर. दोन्ही हात छातीपासून एकदमच पुढे नेऊन बाजूंस फाकवायचे आणि पाय बेडकाप्रमाणे आखडून मागे झटकायचे, अशी ही पद्धत. शर्यतीच्या सर्व प्रकारांत ती सर्वांत संथ. हातापायांचा मेळ चुकला की अंग जागच्या जागी राहते. 1948 साली मुंबईस झालेल्या राष्ट्रीय स्पर्धेत 200 मीटर ब्रेस्टस्ट्रोकमध्ये तिने रौप्यपदक मिळविले. त्या काळी या क्षेत्रात मुंबईच्या डॉली नझीर यांचे वर्चस्व होते. 1951 साली आरतीने 100 मीटर अंतर 1 मिनिट 37.6 सेकंदांत कापून त्यांचा अखिल भारतीय विक्रम मोडला.

1952 साली हेलसिंकी येथील ऑलिंपिकसाठी भारतीय चमूत चार स्त्रिया निवडल्या गेल्या. त्यांत डॉली नझीर होत्या आणि आरतीही होती. आरतीचे बारावे वर्षही पुरे झालेले नव्हते. साऱ्या भारतीय चमूत तीच सर्वांत लहान. त्याच हेलसिंकीत कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी कुस्तीत कांस्यपदक मिळविले, हे आपल्याकडे प्रत्येकास ठाऊक आहे. आरतीस पदक मिळाले नाही. 200 मीटर ब्रेस्टस्ट्रोकच्या प्राथमिक फेरीत तिला 3 मिनिटे 40.8 सेकंद लागले आणि तेथेच तिची स्पर्धा संपली. ही शर्यत हंगेरीच्या एव्हा सेकेली यांनी 2 मिनिटे 51.7 सेकंदांत जिंकली. त्या वेळच्या नियमांप्रमाणे ब्रेस्टस्ट्रोकच्या शर्यतीत दोन्ही हात पाण्याबाहेरून फुलपाखराच्या पंखांसारखे फेकण्यास मुभा होती व सेकेली तशाच पोहल्या. या ऑलिंपिकनंतर ते दोन प्रकार वेगळे करण्यात आले.

मायदेशी परतल्यावर 100 मीटर फ्रीस्टाईलमध्ये तिच्या सख्ख्या बहिणीने, भारतीने, तिला हरविले. घरच्या घरी असा पराभव पचविणे अवघड. आरतीने फ्रीस्टाईलचा नाद सोडला आणि ब्रेस्टस्ट्रोकवरच सारे लक्ष केंद्रित केले. हा निर्णय आम्हांस तिच्या पदकांहून मोलाचा वाटतो.

1958 साली पूर्व बंगालचे ब्रोजेन दास इंग्लिश खाडी पोहून गेले. पाठोपाठ मिहिर सेन हे ती पार करणारे पहिले भारतीय ठरले. खाडीची रुंदी सरळ रेषेत सुमारे 21 मैल. परंतु भरती-ओहोटीचे प्रवाह पोहणाऱ्यास आडवे ओढून नेतात, म्हणून प्रत्यक्ष अंतर कितीतरी वाढते. 1875 साली कॅप्टन वेब यांनी ती प्रथम पार केली ती ब्रेस्टस्ट्रोकनेच. ब्रोजेन दासांनी आरतीचे नाव पुढील वर्षीच्या शर्यतीसाठी सुचविले. अडचण होती पैशाची. बंगालचे मुख्यमंत्री डॉ. बिधानचंद्र रॉय यांनी 11,000 रुपयांची व्यवस्था केली. एप्रिल 1959 मध्ये आरती कलकत्त्याच्या देशबंधू पार्कातील तलावात सलग आठ तास पोहली, व नंतर सोळा तास.

27 ऑगस्ट 1959 रोजी रात्री एक वाजता फ्रान्सच्या केप ग्री-ने येथून शर्यत सुटली. आरतीची सोबतीची नाव 40 मिनिटे उशिरा आली आणि अनुकूल ओहोळ निसटला. इंग्लंडचा किनारा अवघ्या काही मैलांवर आला असता उलट प्रवाहाने तिला रोखून धरले. तास गेले, अंतर तुटेना. अखेर नावाड्याच्या आग्रहास्तव तिला पाण्याबाहेर यावे लागले.

ती परत फिरली नाही. महिनाभर तेथेच सराव करून 29 सप्टेंबर रोजी ती पुन्हा त्याच ठिकाणाहून पाण्यात उतरली. 16 तास 20 मिनिटे पोहून, लाटांशी झगडत सुमारे 42 मैल कापून, ती इंग्लंडच्या सँडगेट किनाऱ्यास लागली व तेथे तिने तिरंगा फडकविला. एकोणिसावा वाढदिवस होऊन तिला पाचच दिवस झाले होते. इंग्लिश खाडी पोहून जाणारी ती आशियातील पहिली स्त्री. 1960 साली तिला पद्मश्री मिळाली. हा मान मिळविणारी ती पहिली भारतीय महिला खेळाडू.

तिच्या मोहिमेचे व्यवस्थापक डॉ. अरुण गुप्ता यांच्याशीच पुढे तिचा विवाह झाला. त्यांना अर्चना नावाची एक कन्या झाली. आरतीबाईंनी रेल्वेत नोकरी केली. 23 ऑगस्ट 1994 रोजी कावीळ व मेंदूज्वराने कलकत्त्यास त्यांचे निधन झाले. 1999 साली टपाल खात्याने त्यांच्या स्मरणार्थ तीन रुपयांचे तिकीट काढले, आणि त्यांच्या घरानजीकच्या गल्लीस आता त्यांचेच नाव आहे.