अल्-ख्वारिज्मी: हिशेबाला इन्साफाशी जोडणारे आलिम

'अल्गोरिदम' हा शब्द आज आपल्या घरातली शाळकरी मुलंसुद्धा वापरतात. पण तो एका माणसाच्या नावावरून आलाय, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? मुहम्मद बिन मूसा अल्-ख्वारिज्मी हे त्यांचं नाव.

त्यांचा जन्म इ.स. ७८० च्या सुमारास झाला. नावातला ख्वारिज्म प्रदेश आजच्या उझबेकिस्तान-तुर्कमेनिस्तान भागात येतो, पण हयातीतलं काम बगदादमध्ये झालं. खलीफा मामून (८१३ ते ८३३) यांच्या काळात ते बैतुल हिकमामध्ये होते. भारतीय अंकपद्धतीवर त्यांनी किताब लिहिली. तिची मूळ अरबी प्रत हरवली, पण लॅटिन भाषांतर उरलं. लेखकाच्या नावाच्या लॅटिन रूपातून पुढे 'अल्गोरिदम' शब्द घडला.

दुसरी किताब 'अल्-जब्र वल्-मुकाबला'. 'अल्जेब्रा' हा शब्द तिच्यातूनच आला. प्रत्येक संख्या एककांची बनलेली असते, इथून ती सुरू होते. आपली मुलं शिकतात ना, की ७ × १ = ७ आणि (−७) × १ = −७? गुणाकारात १ कुणाला बदलत नाही, म्हणून तो अविकारक घटक. मग उणे एक गुणिले उणे एक म्हणजे अधिक एक, हे का? ख्वारिज्मींनी 'दहा उणे एक' ला 'दहा उणे एक' नेच गुणून दाखवलं. दहा दाहे शंभर. त्यातून दोनदा दहा वजा केले की ८० उरतात. पण ९ × ९ तर ८१! म्हणजे शेवटचा एक मिळवावाच लागतो.

हे सगळं कशासाठी? व्यापार, जमिनीची मोजणी, कालव्यांचं खोदकाम यांसाठी, आणि वारसाच्या वाटणीसाठी. किताबीचा मोठा भाग वसीयत आणि वारसा यांवरच आहे.

एक साधा हिशेब करून पाहू. मय्यतचं कर्ज आणि वसीयत फिटली, मागे बीवी, एक मुलगा आणि एक मुलगी एवढेच वारस. बीवीचा हिस्सा १/८. त्याला ३/३ ने, म्हणजे १ नेच गुणलं की ३/२४ होतात. हिस्सा वाढला नाही, घटलाही नाही, फक्त मोजायला सोपा झाला. उरलेल्या २१ भागांतले १४ मुलाचे, ७ मुलीचे. ३ + १४ + ७ = २४. हिशेब पूर्ण.

आता आपल्याच घरांकडे बघू. किती बहिणींचे हे ७ भाग त्यांच्या हातात पडतात? 'तिच्या लग्नात खर्च केला की' म्हणून ते शून्य करून टाकले जातात. कोणत्याही हक्काला शून्याने गुणलं तर काय उरणार?

८५० च्या सुमारास ख्वारिज्मी वारले. त्यांच्या नावाचा अभिमान आपण जरूर बाळगू. पण मुलांना, विशेषतः मुलींना, हा हिशेब स्वतः करता आला पाहिजे. मग त्यांचा हिस्सा कुणी सहज दडपू शकणार नाही.