समांतर चित्रपटाचा स्वर : भास्कर चंदावरकर

हुबळी-धारवाडचा परिसर आणि पुणे यांचे नाते स्वरांचे. कुंदगोळचे सवाई गंधर्व, गदगचे भीमसेन जोशी यांच्यासह कितीतरी कलावंतांनी ते जोडले. १९७० नंतर त्याच वाटेने पुण्याचा एक संगीतकार कानडी चित्रपटाकडे गेला. ते भास्कर चंदावरकर.

१६ मार्च १९३६ रोजी जन्मलेले चंदावरकर पंडित रविशंकर यांचे शिष्य आणि व्यासंगी सतारवादक. मात्र मैफलीच्या कीर्तीपेक्षा त्यांनी अध्यापन आणि नाट्य-चित्रपट संगीताला अधिक वाहून घेतले. १९६५ पासून सुमारे पंधरा वर्षे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांनी संगीत शिकवले.

धारवाडच्या कर्नाटक महाविद्यालयात शिकलेले गिरीश कर्नाड यांनी ब. व. कारंत यांच्यासह ‘वंशवृक्ष’ (१९७१) दिग्दर्शित केला. त्याचे संगीत चंदावरकरांचे होते. पुढे कर्नाडांच्या ‘ओंदानोंदु कालदल्ली’ या होयसळकालीन युद्धपटालाही त्यांनीच संगीत दिले.

अशा चित्रपटांकडे पैसा बेताचा असे. मोठा वाद्यवृंद परवडत नसे आणि तबकड्या खपवणारी गाणीही नसत. त्यामुळे कोणत्या प्रसंगी कोणते वाद्य वाजावे आणि कोठे सारे शांत राहावे, हा निर्णयच संगीतकाराचे मुख्य काम ठरे. हे काम करणाऱ्याच्या वाट्याला प्रसिद्धी थोडी येते. गीत ओठांवर राहते, पार्श्वसंगीत चित्रपटाबरोबर विस्मरणात जाते. चंदावरकरांनी ही उणीव जाणूनबुजून पत्करली, असे त्यांची कारकीर्द पाहता म्हणावे लागते.

कुमार शहानींचा ‘माया दर्पण’, मृणाल सेन यांचा ‘खंडहर’, अमोल पालेकरांचा ‘आक्रीत’, विजया मेहतांचा ‘रावसाहेब’ हे त्यांच्या संगीताने नटलेले चित्रपट. मल्याळम आणि ओडिया चित्रपटांनाही त्यांनी संगीत दिले. जब्बार पटेल यांच्या ‘सामना’त मात्र त्यांनी गीतेही स्वरबद्ध केली. त्यांतील आरती प्रभूंच्या कवितेची चाल आजही रसिकांच्या मनात आहे. रंगभूमीवर १९७२ च्या ‘घाशीराम कोतवाल’मध्ये कीर्तन, लावणी, अभंग यांचा त्यांनी केलेला उपयोग मराठी नाटकाला नवे वळण देणारा ठरला.

उतारवयात ‘श्वास’ त्यांच्याकडे आला. दृष्टी गमावणार असलेला कोकणातील मुलगा आणि त्याचा आजोबा यांची ही कथा नव्या दिग्दर्शकाने व कलावंतांनी तुटपुंज्या साधनांत उभी केली. ज्या मुलाचे जग लवकरच केवळ ध्वनींचे उरणार, त्याच्या कथेला अतिरंजित संगीत मारक ठरले असते. राष्ट्रीय सुवर्णकमळ मिळवणाऱ्या या चित्रपटाने मराठी स्वतंत्र निर्मितीला नवा आत्मविश्वास दिला.

२६ जुलै २००९ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. आज गोमंतकातही तरुण मंडळी अल्प खर्चात चित्रपट करतात. संगीत जोडण्यापूर्वी दृश्य नीट ऐकावे, ही चंदावरकरांची रीत त्यांना साधनांच्या टंचाईतही उपयोगी पडेल.