माधवराव सप्रे : एका सहीचे ओझे आणि सतरा वर्षांची सेवा

रायपूर : छत्तीसगडमधील पत्रकारितेचा प्रारंभ ज्यांच्या नावाने ओळखला जातो, ते पंडित माधवराव सप्रे यांचे २३ एप्रिल १९२६ रोजी रायपूर येथे निधन झाले. मराठी मातृभाषा असलेल्या या संपादकाने आपले आयुष्य हिंदीच्या सेवेत वेचले आणि लोकमान्य टिळकांचे विचार हिंदीभाषक प्रदेशापर्यंत पोहोचवले. त्यांच्या चरित्रात कीर्तीचे प्रसंग पुष्कळ आहेत. परंतु त्यांच्या जीवनाला निर्णायक वळण मिळाले ते पराभवाच्या एका क्षणामुळे. त्या क्षणानंतर ते कसे जगले, हीच त्यांच्या थोरवीची खरी कसोटी ठरली.

माधवरावांचा जन्म १९ जून १८७१ रोजी आजच्या मध्य प्रदेशातील दमोह जिल्ह्यातील पथरिया या गावी झाला. वडिलांचे नाव कोंडोपंत आणि आईचे लक्ष्मीबाई. नागपूरकर भोसल्यांची सत्ता छत्तीसगडवर १८५४ पर्यंत होती. त्या काळापासून मध्य प्रांतात अनेक मराठी कुटुंबे स्थायिक झाली होती. घरात मराठी आणि व्यवहारात हिंदी, अशा वातावरणात माधवराव वाढले. प्रारंभीचे शिक्षण बिलासपुरात झाल्यानंतर ते रायपूरच्या शाळेत दाखल झाले. तेथील शिक्षक नंदलाल दुबे यांनी त्यांच्यात हिंदी साहित्याची गोडी निर्माण केली. पुढे शिक्षणासाठी त्यांना अनेक गावे फिरावी लागली. १८९८ मध्ये ते कलकत्ता विद्यापीठाची बी.ए. परीक्षा उत्तीर्ण झाले.

त्या काळी पदवीधरास सरकारी नोकरीचा मार्ग सहज खुला होता. माधवरावांनी मात्र तो स्वीकारला नाही. पेंड्रा जमीनदारीतील राजकुमाराचे शिक्षक म्हणून त्यांनी काम पत्करले आणि त्या वेतनातून शिल्लक टाकून मासिक काढण्याचा संकल्प केला. जानेवारी १९०० मध्ये ‘छत्तीसगढ मित्र’चा पहिला अंक निघाला. संपादनात रामराव चिंचोलकर यांची साथ होती, तर प्रकाशनाची जबाबदारी रायपूरचे वामनराव लाखे यांनी उचलली. पेंड्रा येथे छापखाना नसल्यामुळे मासिक आधी रायपुरात आणि नंतर नागपुरात छापले जाई. नव्या पुस्तकांची परखड, साधार समीक्षा हे या मासिकाचे वैशिष्ट्य ठरले. हिंदीत समीक्षेची शिस्त रुजवण्यात त्याचा मोठा वाटा आहे.

याच मासिकात १९०१ मध्ये माधवरावांची ‘एक टोकरीभर मिट्टी’ ही कथा प्रसिद्ध झाली. हिंदीतील पहिल्या लघुकथांमध्ये तिची गणना केली जाते. एक जमीनदार आपल्या वाड्याचा विस्तार करण्यासाठी गरीब विधवेची झोपडी बळकावतो. ती विधवा नातीच्या चुलीसाठी तेथील टोपलीभर माती मागते आणि टोपली उचलण्यास जमीनदाराचेच साहाय्य घेते. त्याला ती टोपली हलवतादेखील येत नाही, तेव्हा बळकावलेल्या जमिनीचा भार आपण जन्मभर कसा वाहणार, याची जाणीव त्याला होते. तो पश्चात्ताप पावून झोपडी परत करतो. चुकीचे ओझे आणि त्याची भरपाई हा या कथेचा गाभा आहे. काही वर्षांतच लेखकाला स्वतःच्या आयुष्यात त्याची प्रचिती आली.

आर्थिक तोट्यामुळे ‘छत्तीसगढ मित्र’ १९०२ च्या अखेरीस बंद पडले. तथापि माधवराव खचले नाहीत. नागपुरात त्यांनी हिंदी ग्रंथ प्रकाशनाचे काम हाती घेतले. बंगालच्या फाळणीनंतर देशभर स्वदेशीची लाट उसळली होती. स्वदेशी आणि बहिष्कार या विषयावरील त्यांच्या पुस्तकावर सरकारने पुढे बंदी घातली. १३ एप्रिल १९०७ रोजी त्यांनी नागपुरातून ‘हिंदी केसरी’ हे साप्ताहिक सुरू केले. पुण्याच्या ‘केसरी’तील लेख हिंदीत आणून टिळकांचे राजकारण उत्तर भारतातील वाचकांना समजावून देणे, हा त्याचा हेतू होता. जहाल पक्षाचे विचार मराठी मुलखाबाहेर पोहोचवणारे ते एक प्रभावी साधन ठरले.

१९०८ साल वृत्तपत्रांसाठी कठीण होते. एप्रिलअखेर मुझफ्फरपूर येथे बॉम्बस्फोट झाला. जूनमध्ये सरकारने वृत्तपत्रांविरुद्ध कठोर कायदा केला. २२ जुलै रोजी टिळकांना राजद्रोहाच्या आरोपाखाली सहा वर्षांची शिक्षा झाली आणि त्यांची रवानगी मंडालेला करण्यात आली. बरोबर एक महिन्याने, २२ ऑगस्ट रोजी माधवरावांना अटक झाली. आरोप तोच, भारतीय दंड विधानातील कलम १२४ अ.

कारागृहात असताना त्यांच्यावर माफीनाम्यासाठी दबाव वाढत गेला. वडीलबंधू बाबूराव यांनी कुटुंबाची अवस्था पुढे केली आणि सही न केल्यास प्राण देण्याची भाषा केली. बंधूचा जीव आणि स्वतःची निष्ठा यांच्या कात्रीत सापडलेल्या माधवरावांनी अखेर माफीनाम्यावर सही केली. नोव्हेंबर १९०८ मध्ये त्यांची सुटका झाली. ज्यांना गुरुस्थानी मानले ते टिळक मंडालेच्या तुरुंगात आणि आपण घरी, ही वेदना त्यांच्या मनात खोल रुतली. अनेक सहकाऱ्यांनीही त्यांना दोष दिला. माधवरावांनी स्वतःच्या बचावाचा प्रयत्न केला नाही. प्रायश्चित्त म्हणून त्यांनी सार्वजनिक जीवनापासून दूर जाणे पसंत केले.

वर्ध्याजवळील हनुमानगड येथे समर्थ संप्रदायातील श्रीधर विष्णू परांजपे यांच्या सहवासात त्यांनी काही काळ काढला. दासबोधाचे अध्ययन केले. रायपूरला परतल्यावर माधुकरी मागून निर्वाह करण्याचे व्रत त्यांनी पाळले. कालपर्यंत संपादक म्हणून मान मिळालेल्या गावात भिक्षेची झोळी घेऊन हिंडणे, हे त्यांनी स्वतःला घालून घेतलेले शासन होते. याच साधनेतून समर्थांच्या दासबोधाचा हिंदी अनुवाद सिद्ध झाला.

टिळकांनी मंडालेच्या कारावासात लिहिलेला ‘गीतारहस्य’ हा ग्रंथ १९१५ मध्ये मराठीत प्रकाशित झाला. पुढच्याच वर्षी, लोकमान्यांच्या हयातीत, त्याचा हिंदी अनुवाद वाचकांच्या हाती आला आणि तो माधवरावांनी केला होता. ज्या कारावासाच्या काळात आपण बाहेर राहिलो, त्याच काळाचे फलित हिंदी वाचकांपर्यंत नेण्याचे काम त्यांच्या वाट्याला आले. निष्काम कर्माचे प्रतिपादन करणाऱ्या या ग्रंथासाठी त्यांनी घेतलेले परिश्रम हेच त्यांचे उत्तर होते. त्यानंतर चिंतामणराव वैद्य यांच्या महाभारतविषयक ग्रंथाचा अनुवादही त्यांनी ‘महाभारत मीमांसा’ या नावाने केला.

रायपुरात मुलींच्या शिक्षणासाठी जानकीदेवी महिला पाठशाळा स्थापन करण्यात त्यांचा पुढाकार होता. असहकाराच्या काळात तेथे राष्ट्रीय विद्यालय उभे राहिले, त्यामागेही त्यांची प्रेरणा होती. जानेवारी १९२० मध्ये जबलपूर येथून ‘कर्मवीर’ साप्ताहिक निघाले. त्याच्या उभारणीत माधवरावांचा मोठा सहभाग होता. मात्र संपादकपद त्यांनी स्वतःकडे न घेता माखनलाल चतुर्वेदी यांच्याकडे सोपवले. स्वतः मागे राहून पुढच्या पिढीला उभे करण्याची ही वृत्ती त्यांच्या उत्तरायुष्यात सातत्याने दिसते. १९२४ मध्ये देहरादून येथे भरलेल्या हिंदी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांना देण्यात आले. मराठी मातृभाषा असलेल्या साहित्यसेवकाचा हिंदी जगताने केलेला तो गौरव होता.

दोन वर्षांनी, वयाच्या ५४ व्या वर्षी त्यांची प्राणज्योत मालवली. रायपुरातील शाळेला त्यांचे नाव देण्यात आले आहे. भोपाळमध्ये १९८४ साली स्थापन झालेले, जुन्या वृत्तपत्रांचा मोठा ठेवा जतन करणारे संग्रहालयही त्यांच्याच नावाने कार्यरत आहे. माफीनाम्याची नोंद त्यांच्या चरित्रातून पुसली गेलेली नाही आणि ती लपवण्याची आवश्यकताही नाही. त्या सहीनंतरच्या सतरा वर्षांत त्यांनी केलेले अनुवाद, उभारलेल्या संस्था आणि घडवलेली माणसे तिच्या शेजारी ठेवूनच माधवराव सप्रे यांचे मोल जाणता येते.